महामारीतील सेवेसाठी राष्ट्रीय सन्मान: परिचारिकेची शिफारस कोठे करावी?

रामबागकर, इंदूर
आमच्या वसाहतीतील एक ताई सरकारी दवाखान्यात परिचारिका आहेत. २०२१ च्या एप्रिलमध्ये, पीपीई किटच्या आत घामाने चिंब झालेल्या असतानाही, त्या प्रत्येक दारासमोर उभ्या राहून ऑक्सिमीटरवरचे आकडे वहीत टिपून घेत असत. पद्म पुरस्कारासाठी कोणीही नागरिक नाव सुचवू शकतो, म्हणून आमच्या मंडळाने त्यांचे नाव पाठवायचे ठरवले आहे. हा मार्ग योग्य आहे का?

जुना इंदूरकर
योग्य नाही, कारण सेवेत असलेले सरकारी कर्मचारी पद्म पुरस्कारास पात्र ठरत नाहीत आणि या नियमाला अपवाद केवळ डॉक्टर व शास्त्रज्ञांचा आहे. म्हणजे एकाच पथकातील डॉक्टर पात्र आणि परिचारिका अपात्र, हे मला तरी न्याय्य वाटत नाही. आपण राष्ट्रीय फ्लॉरेन्स नाइटिंगेल पुरस्काराचा विचार करावा. १९७३ पासून दिला जाणारा हा सन्मान खास परिचारिकांसाठी असून त्यात गावोगाव फिरणाऱ्या एएनएमचाही (सहायक परिचारिका-प्रसाविकांचाही) समावेश होतो. प्रथम ताईंच्या कार्यालयातच चौकशी करावी.

बाखलवासी
मुळात एकच नाव निवडायचे कसे? एप्रिल २०२० मध्ये आपल्या इंदूरच्या टाटपट्टी बाखल येथे तपासणी पथकावर दगडफेक झाली आणि त्यातील दोन महिला डॉक्टर दुसऱ्याच दिवशी पुन्हा त्याच वस्तीत कामाला गेल्या. पण पथक काही दोघींचे नव्हते. ब्रिटनने २०२१ मध्ये जॉर्ज क्रॉस हे शौर्यपदक संपूर्ण राष्ट्रीय आरोग्य सेवेला दिले, जसे १९४२ मध्ये ते माल्टा बेटाला दिले होते. फ्रान्समध्ये तर कॉलऱ्याच्या साथीनंतर १८८५ मध्येच साथरोगातील सेवेसाठी वेगळे पदक सुरू झाले होते आणि २०२० मध्ये त्याचे पुनरुज्जीवन करण्यात आले. आपल्या आशा कार्यकर्त्यांचा असा सामूहिक गौरव २०२२ मध्ये झाला खरा, परंतु तो जागतिक आरोग्य संघटनेने केला.

जुना इंदूरकर
सामूहिक पदक सर्वांचे असते, त्यामुळे ते कोणाच्याच घरी येत नाही. शिवाय ज्या वर्षी जॉर्ज क्रॉस जाहीर झाला, त्याच वर्षी मार्चमध्ये तेथील सरकारने याच कर्मचाऱ्यांना अवघी एक टक्का वेतनवाढ सुचवली होती, हेही विसरून चालणार नाही. आशाताई तर आजही मानधनावरच काम करतात.

रामबागकर, इंदूर
मनःपूर्वक आभार. पद्मचा अर्ज आम्ही थांबवत आहोत. येत्या सोमवारी ताईंच्या मेट्रनबाईंना भेटून नाइटिंगेल पुरस्काराची कार्यपद्धती विचारू आणि ताईंची संमती असल्यास त्या वहीच्या पानांच्या प्रती शिफारशीसोबत जोडता येतील का, तेही पाहू. अर्थात रुग्णांची नावे झाकूनच.