'विक्षिप्त' की 'तऱ्हेवाईक'?

तालीमवाली: आमच्या हौशी मंडळासाठी एका जुन्या इंग्रजी एकांकिकेचं भाषांतर करतेय. गावात नवीन आलेला तरुण 'क्युरेट', म्हणजे चर्चमधला कनिष्ठ धर्मगुरू, चहाला येतो. बहिरे आजोबा त्याला गटार तपासणारा समजतात, मावशीच्या कोंबड्या दिवाणखान्यात फिरतात आणि आईला तो जावई म्हणून हवाय. या घराला मी 'विक्षिप्त' लिहिलं. तालमीत हरकत आली, हा तर वेडसरपणा झाला. काय लिहू?

अनुस्वार: तऱ्हेवाईक! त्यात हसू आहे आणि मायाही.

कानामात्रा: 'तऱ्हा' अरबीतून आलेली. 'विक्षिप्त'च ठेवा. योगसूत्रांवरच्या व्यासभाष्यात चित्ताच्या पाच भूमी, म्हणजे अवस्था, आहेत: क्षिप्त, मूढ, विक्षिप्त, एकाग्र, निरुद्ध. विक्षिप्त चित्त मधूनमधून स्थिरही होतं. वेडाचा संबंधच नाही.

अनुस्वार: प्रेक्षक व्यासभाष्य वाचून नाटकाला येतात का? शिवाय अरबी नको तर 'हरकत'ही सोडा.

रत्नांग्रीकर: आमची आजी अशा घराला 'एकेक नमुना हाय' म्हणायची. संपला विषय.

शाईपेन: 'अवलिया' घ्या ना. मूळ अरबीत 'वली'चं अनेकवचन, म्हणजे ईश्वराचे जवळचे, संत. घरात धर्मगुरू आलाय आणि संतांचा शब्द घरच्यांना!

कानामात्रा: अवलियात कौतुक असतं. कोंबडीवाल्या मावशीचं कसलं कौतुक?

शाईपेन: मला तर तीच आवडली.

वसईची लेक: ताई, त्या क्युरेटला काय म्हणताय? 'फादर' लिहिलंत तर आईचा बेतच कळणार नाही. आमचे कॅथलिक फादर लग्न करत नाहीत. अँग्लिकन, म्हणजे इंग्लंडच्या चर्चचे, करतात.

तालीमवाली: 'पाद्री' लिहिलंय.

नगरी: 'पाद्री' कानाला तुच्छ लागतो. आमच्या मंडळीत 'पाळक' म्हणतात. किंवा 'रेव्हरंड' करा. रेव्हरंड टिळक आणि लक्ष्मीबाईंचा संसार मराठी वाचकाला ठाऊक आहे.

कानामात्रा: तुच्छ कसला? पोर्तुगीज 'पाद्रे' म्हणजे बाप. तुमचा 'फादर' तेच सांगतो.

नगरी: व्युत्पत्ती सोडा, लोक कोणत्या सुरात म्हणतात ते ऐका.

मांडवीकाठ: गोव्यात चर्चचा मुख्य तो 'विगार', हाताखालचा 'कूर'. पोर्तुगीज 'कूरा', म्हणजे क्युरेटचाच भाऊबंद.

अनुस्वार: पण कूर कॅथलिक, म्हणजे लग्न पुन्हा अडलं.

तालीमवाली: 'पाळक' घेतलं. आता त्या घराचं सांगा, रविवारी वाचन आहे.

रत्नांग्रीकर: दिवाणखान्यात कोंबड्या कशा? 'पडवी' करा.

मांडवीकाठ: इंग्लंडात पडवी? मग चहाऐवजी सोलकढी द्या.

कानामात्रा: 'दिवाणखाना' फारसी आहे, बरं का.