'बा' म्हणलं की तुमच्याकडं कोण येतं? (शब्द एक, भाषा अनेक, तुमचे अनुभव लिहा)

कडकभाकरी:
परवा सोलापूर स्टेशनवर भावजयीला आणायला गेलते, गाडी लेट. शेजारच्या बाकड्यावर इरकल नेसलेली एक बाई होती, विजापूरकडची असावी. तिचं पोरगं प्लॅटफॉर्मच्या कडेला पळायला लागलं तशी ती ओरडली, "बा! लगून बा इल्ली!" आणि माझ्या पोटात एकदम कालवलं. भावजय आली, रिक्षा केली, घरी आलो, तरी ते डोक्यातून जाईना म्हणून इथं लिहितेय.

आम्ही वडलांना बा म्हणायचो. बा गिरणीत साच्यावर होता. आमच्या खोलीला लागून एक कानडी आज्जी राहायच्या, मधे एकच भिंत. त्यांना मराठी समजायचं पण बोलायच्या कानडीच. कोंबड्यांना बा बा, नातवाला बा बा, मलाही बा बा. कानडीत बा म्हणजे ये. मी चार वर्षांची असेन, मला वाटायचं ह्या माझ्या बालाच हाक मारतात, मग मी उंबऱ्यातनं ओरडून सांगायची "बा कामावर गेलाय, भोंगा झाल्यावर येतोय!" त्या हसून हसून पदर तोंडाला लावायच्या.

मी तिसरीत असताना बा गेला. पाव्हणे परत गेले त्या संध्याकाळी आई आत पडून होती, मी पायरीवर बसलेली. आज्जी दारात आल्या, हातात ताटली, म्हणल्या, "बा, ऊटा माडु बा." जेवायला ये म्हणत होत्या. आणि मी मागं वळून दाराकडं बघितलं. अर्थ माहीत होता मला तोपर्यंत, चांगला माहीत होता. तरी बघितलं.

त्यांच्या लक्षात आलं. त्या दिवसानंतर त्यांनी मला कधी बा म्हणलं नाही. "ये ग, ये" म्हणायच्या. सगळ्या गल्लीशी कानडी आणि फक्त माझ्यासाठी तेवढा एक मराठी शब्द.

तुमच्याकडं असे शब्द असतील तर लिहा. आपल्या गावात मराठी, कानडी, तेलुगू, उर्दू, गुजराती सगळं एका गल्लीत, त्यामुळं असणारच.

शेंगाचटणी:
ताई काय लिहिलंस ग. भाकरी तव्यावर होती, करपली.

टॉवेलवाला:
वाचून गप्पच झालो ताई. पण बा वरून एक आठवलं ते सांगतो, जरा मन हलकं होईल. आमच्याकडं टॉवेलचे नवीन माग आले तेव्हा ते बसवायला चीनचा एक माणूस आलता, आठ दिवस होता, बिचारा खायला काय मिळेना म्हणून नुसती केळी आणि दहीभात. बोल्ट लावताना तो मोजायचा, यी, अर, सान, स, वू, ल्यू, ची, आणि आठव्याला जोरात "बा!" आमचा फिटर कानडी, मागच्या बाजूला काम करायचा, तो लगेच हातातला पाना टाकून पुढं यायचा. "काय साहेब?" चिनी माणूस चकित. परत मोजायला सुरुवात, परत "बा!", परत हा हजर. तीन वेळा झालं तेव्हा मला उमगलं. मग त्यानं हाताची खूण करून दाखवली, आठसाठी अंगठा आणि त्याच्या शेजारचं बोट उघडं ठेवायचं, बाकी मूठ. एका हातावर दहापर्यंत मोजतात ते. आणि मोबाइलवर लिहून दाखवलं की सूर बदलला की तोच बा म्हणजे वडील. सपाट सुरात आठ आणि खाली आपटला की बाप. फिटरला इतकी गंमत वाटली, जाईपर्यंत दोघं एकमेकांना बा बा करत होते.

रिकामीकांडी:
@टॉवेलवाला आपले डॉ. कोटणीस १९३८ ला चीनला गेले तेव्हा त्यांनी हे सगळे सूर शिकले असतील ना! भैय्या चौकातल्या स्मारकात शाळेतनं नेलतं आम्हाला. त्यांच्या मुलाचं नाव इन्हुआ, इन म्हणजे भारत आणि हुआ म्हणजे चीन, हे एवढं एकच माझ्या डोक्यात राहिलंय त्या सहलीतलं. ३२ व्या वर्षी गेले तिकडंच, १९४२ ला. मुलगा अगदी तान्हा होता.

खडूफळा:
मी पूर्व भागात तेवीस वर्षं शिकवलं, वर्गात निम्मी मुलं घरी तेलुगू बोलणारी. पहिलीतली एक चिमुरडी उभी राहून म्हणाली, "बाई, मी सकाळी पाल पिऊन आले." मराठी पोरं किंचाळली, एक तर बाकावरच चढला. तेलुगूत पालु म्हणजे दूध, पिशवीला पाल पॅकेट म्हणतात. तिला कळेना सगळे का ओरडतात, ती रडायला लागली. मी तिला जवळ घेतलं आणि वर्गाला सांगितलं की हिच्या भाषेत दूध असं म्हणतात. तर मागनं एक कानडी पोरगा, "बाई आमच्यात हालु म्हणतात." झालं, परत दंगा, मराठीत हाल म्हणजे काय ते सगळ्यांना माहीत.

ह्यात एक फार सुंदर गोष्ट आहे, मला नंतर बीएडच्या मैत्रिणीनं सांगितली. जुन्या कानडीतल्या शब्दांच्या सुरुवातीच्या प चा पुढं ह झाला. तेलुगूत प तसाच राहिला. म्हणून तेलुगू पालु तर कानडी हालु, तिकडं वाघ पुलि तर इकडं हुलि, फूल पुव्वु तर हूवु. मी दुसऱ्या दिवशी फळ्यावर दोन रकाने केले आणि पोरांनाच विचारत गेले. त्या दिवशी पाढे राहिले पण पोरं घरी जाऊन आईला शब्द विचारून आली, चिठ्ठ्यांवर लिहून. त्यातली एक चिठ्ठी अजून आहे माझ्याकडं.

आणि गंमत, कानडीत आपल्या पालीला हल्लि म्हणतात. म्हणजे "हल्ली काय चाललंय" विचारलं की कानडी माणसाला भिंतीवर बघावं लागणार.

शेंगाचटणी:
@खडूफळा भिंतीवर 😂😂

रात्रपाळी:
ड्युटीवर आहे, पटकन लिहिते. वॉर्डात अक्कलकोटच्या पलीकडचे एक आजोबा, सोबत कुणी नाही. मी विचारलं बाबा ॲडमिट व्हायचंय का, तर "बेड, बेड." म्हणलं बरं, बेड दाखवते चला. ते अजून जोरात "बेड बेड बेड!" मी म्हणते हो हो देतेच आहे बेड, थांबा चादर टाकते. ते दरवाज्याकडं निघाले. कानडीत बेड म्हणजे नको. आमच्या मावशींनी ऐकलं आणि सांगितलं मला, त्यांना घरी जायचंय. मग मावशीच बसल्या त्यांच्याजवळ, कानडीत बोलत बोलत सलाईन लावू दिलं त्यांनी. त्या रात्रीपासून मी बेकु आणि बेड पाठ केलंय. बेकु म्हणजे पाहिजे. नवीन येणाऱ्या पोरींना पहिले हेच दोन शब्द शिकवते.

पैंजण:
सराफ कट्ट्यावर माझ्या डोळ्यांसमोरची गोष्ट. तेलुगू काकू दुकानात नातीसाठी अंगठी बघत होत्या, म्हणत होत्या "चिन्नदि, चिन्नदि". त्यांच्यात चिन्न म्हणजे लहान. दुकानातला पोरगा कानडी, त्याच्यात चिन्न म्हणजे सोनं! तो म्हणतोय "हो काकू सोन्याचीच आहे", त्या म्हणतात "चिन्नदि दे", तो परत "अहो सगळ्या चिन्नदच आहेत". मालक आतनं आले तेव्हा कुठं लहान मापाचा ट्रे निघाला. मालकांना तीन्ही भाषा येतात, कट्ट्यावर धंदा करायचा तर याव्याच लागतात.

विजापूरवेस:
आमच्या घरी दख्खनी. आमच्यात बा म्हणजे सोबत, फारसीतनं आलेला, बाअदब, बाइज्जत. अब्बा सांगायचे की बाअदब म्हणजे अदब बरोबर घेऊन आलेला माणूस. म्हणजे कानडीत बा म्हणलं की येतो आणि आमच्यात बा लावला की सोबत येतो, हे आज पहिल्यांदा डोक्यात आलं.

आणि बे विसरलात का सगळे? "काय करायलास बे!" पुण्यात हॉस्टेलला मी बे म्हणलं की रूम पार्टनर तोंड फिरवायचा, त्याला शिवी वाटायची. आपल्यात तर जिवाभावाच्या दोस्तालाच बे. आमच्या उर्दूत अलिफ बे मधलं बे, दुसरं अक्षर. गुजराती दोस्ताच्यात बे म्हणजे दोन. आणि शाळेत सगळे एकत्र बसून म्हणायचो, बे एके बे, बे दुणे चार.

फाफडा_आणि_भाकरी:
@विजापूरवेस खरंय, बे म्हणजे दोनच. आणि आमच्यात बा म्हणजे आई. कस्तुरबांना सगळा देश बा म्हणायचा ते त्यामुळंच. मी लग्न होऊन आले तेव्हा शेजारचा लहान मुलगा आमच्या सासूबाईंना बा म्हणताना मला ऐकायचा आणि त्याच्या आईला जाऊन विचारायचा, "त्या काकूंचा बा साडी का नेसतो?" अजून ती आई भेटली की हेच सांगते.

@कडकभाकरी तुमचं वाचून सासूबाईंना वाचून दाखवलं. त्या म्हणाल्या, त्या आज्जींना माझा नमस्कार सांग.

हुरडापार्टी:
हौद राहिला की! पाणी चार-पाच दिवसांनी यायचं, बाबा गच्चीवरनं ओरडून विचारायचे "हौद भरला का?" आणि खालून कानडी काका "हौद्री, हौद्री!" म्हणजे हो जी, हो जी. आई म्हणायची एकाला विचारायला हौद लागतो आणि दुसऱ्याला उत्तर द्यायला हौद लागतो, पाण्याचं काय ते कुणीच सांगत नाही.

लांबून_वाचतोय:
गाव सोडून अकरा वर्षं झाली. आमच्या ऑफिसात एक जॉर्जियाची मुलगी आहे. तिचे वडील वारले तेव्हा ती फोनवर सारखी "मामा, मामा" म्हणून रडत होती. आम्ही सगळे तिला आईबद्दल विचारायला लागलो. त्यांच्या भाषेत मामा म्हणजे वडील, आई म्हणजे देदा. मला तर आधी वाटलं मामा वारला. शेजारी व्हिएतनामचा सहकारी, त्याच्याकडं बा म्हणजे तीन, आणि दक्षिणेकडं वडलांनाही बा.

ह्यावर वाचलं होतं मी तेव्हा. रोमान याकोबसन म्हणून भाषेचे मोठे अभ्यासक होते, त्यांचं म्हणणं की बा, मा, पा हे बाळाला सगळ्यात सोपे, ओठ मिटायचे आणि उघडायचे. बाळ नुसतं ओठ उघडतं आणि समोर जो असतो त्याला वाटतं मलाच हाक मारली. कुठं आईला वाटलं, कुठं बापाला. म्हणून एकमेकींशी काही नातं नसलेल्या भाषांमधेही हेच दोन-तीन आवाज घरच्या माणसांना चिकटलेत. ताई तुमची गोष्ट वाचली तेव्हा हे परत आठवलं.

रिकामीकांडी:
@लांबून_वाचतोय भावा गड्ड्याच्या जत्रेला येतोयस का यंदा? घरी सगळे विचारतात.

लांबून_वाचतोय:
@रिकामीकांडी संक्रांतीला रजा मिळाली तर नक्की. नंदीध्वज बघून सहा वर्षं झाली बे.

पालवी_पंढरीची:
आमचं घर वारीच्या वाटेवर. कर्नाटकातनं पण दिंड्या येतात. एका वर्षी पावसात एक म्हातारी आमच्या ओट्यावर थांबली, ओली चिंब, चहा दिला तर आधी देवाला दाखवून मग प्याली. ती टाळ्या वाजवत सारखं म्हणत होती "बा विठ्ठला, बा विठ्ठला". माझी आईपण रोज देवापुढं हेच म्हणते. आई म्हणते ती बापाला हाक मारते. ती म्हातारी म्हणत होती ये विठ्ठला, ये. दोघी एका ओट्यावर बसून एकच दोन शब्द म्हणत होत्या, एका चालीत. मी मधे कपबश्या घेऊन उभी.

खडूफळा:
@पालवी_पंढरीची अंगावर काटा आला. आपल्या सिद्धरामेश्वरांची वचनंही कानडीतच आहेत, बाराव्या शतकातली. देवाला आपल्या गावात पहिल्यापासून दोन्ही भाषा येतात.

शेंगाचटणी:
@कडकभाकरी त्या आज्जींनी परत कधीच बा म्हणलं नाही का ग?

कडकभाकरी:
@शेंगाचटणी एकदा म्हणलं. माझी मुलगी चार महिन्यांची होती, बाळंतपण उरकून सासरी जायच्या आधी दाखवायला नेली. आज्जींना दिसायचं कमी झालं होतं. त्यांनी दोन्ही हात पुढं केले आणि तोंडातनं निघून गेलं, "बा, बा, बा." मग एकदम थांबल्या आणि माझ्याकडं तोंड वळवलं. मी म्हणलं, म्हणा आज्जी. आणि पोरगी त्यांच्या हातात दिली.

@फाफडा_आणि_भाकरी आज्जी आता नाहीत. पण लेक तिथंच राहते, नमस्कार तिला सांगते.

पैंजण:
😢😢

शेंगाचटणी:
आज्जींच्या ताटलीत काय होतं ग त्या दिवशी? आठवतंय?

कडकभाकरी:
पुंडीपल्ले आणि ज्वारीची भाकरी. वर शेंगांचं कूट.

हुरडापार्टी:
पुंडी म्हणजे अंबाडीच ना? आमच्या शेजारच्या तेलुगू वहिनी पुंटीकूर म्हणतात. कण्या घालून करायची का डाळ?

कडकभाकरी:
अंबाडीच. ज्वारीच्या कण्या घालायच्या, लसूण भरपूर, वरनं तेलाची फोडणी. आज्जी तुरीची डाळपण मूठभर टाकायच्या. उद्या नीट लिहून टाकते, आता नळाला पाणी आलंय.