माओ सूट घालून उभं राहणं हा परफॉर्मन्स कसा काय?

पर्वतीपायथा: कॉलेजच्या प्रेझेंटेशनला मला त्सेंग क्वाँग ची हा फोटोग्राफर आलाय. १९५० चा हाँगकाँगचा जन्म, मग कॅनडा, पॅरिस आणि १९७८ पासून न्यूयॉर्क. गे होता, चित्रकार कीथ हॅरिंगचा जिगरी दोस्त. सगळे परफॉर्मन्स आर्टिस्ट म्हणतात पण बघावं तर माओ सूट (चिनी कम्युनिस्ट नेत्यांचा तो बंद गळ्याचा ड्रेस) नि काळा गॉगल घालून डिस्नेलँड, आयफेल टॉवर, स्टॅच्यू ऑफ लिबर्टीसमोर मख्ख उभा. आमचे काका युरोप टूरला असेच उभे असतात. यात परफॉर्मन्स कुठंय?

विंगेतला: हातात बघ रे नीट. बऱ्याच फोटोंत कॅमेऱ्याची केबल दिसते, बटण तोच दाबतोय आणि लपवतही नाहीये, नट नि दिग्दर्शक दोन्ही तोच. सुरुवातीचा किस्सा माहितीये का? आईवडील न्यूयॉर्कला आले, वर्ल्ड ट्रेड सेंटरवरच्या पॉश रेस्टॉरंटात जायचं तर सूट घाल म्हणाले, ह्याच्याकडे सेकंडहँड माओ सूट होता तोच चढवला, आणि तिथल्या लोकांनी चीनचा बडा पाहुणा समजून सरबराई केली! त्यात घरचे कम्युनिस्टांमुळेच चीन सोडून आलेले, जेवण कसं उतरलं असेल त्यांना देव जाणे.

कर्वेरोडवाली: छातीवरचा बॅज झूम कर. लांबून सरकारी पास वाटतो, लिहिलंय 'स्लट फॉर आर्ट' 😄 १९८० ला न्यूयॉर्कच्या मेट म्युझियममध्ये चीनच्या चिंग राजघराण्याच्या काळातल्या पोशाखांच्या प्रदर्शनाची पार्टी होती, तिथे हा त्याच सूटमध्ये जाऊन बड्या लोकांसोबत फोटो काढून आला. चेहरा बघून लोक काय समजणार हे त्याला पक्कं माहीत होतं. आपल्या एफसी रोडवर मणिपूरच्या पोरांना 'ए चिनी' म्हणणारे आहेतच की.

पर्वतीपायथा: ओके, पण गे असण्याचा काय संबंध? फोटोत तर काहीच दिसत नाही.

विंगेतला: दिसायलाच पाहिजे का? माझ्या मते चारचौघांत वेगळं कोणीतरी बनून वावरणं गे माणसाला सांगावं लागत नाही, ह्याने तेच उघड्यावर केलं.

कर्वेरोडवाली: हे जरा ओढूनताणून आहे हं. तो काही लपून नव्हता, न्यूयॉर्कच्या ईस्ट व्हिलेजमधल्या क्लब ५७ या कलाकारांच्या अड्ड्यावरच्या गँगमधला होता. बॅजवरच बोल, तिथे सगळं आलं. आणि १९९० ला एड्समुळे गेला, वय ३९, हे सांग पण त्या स्लाइडला बासरी लावू नकोस प्लीज.