सेसिल देक्युजिस: 'ब्रेथलेस' आणि रोमेर, दोन्हीकडे एकच संकलक?

प्रश्न
फ्रेंच दिग्दर्शक गोदारच्या 'ब्रेथलेस' या चित्रपटाच्या (१९६०) श्रेयनामावलीत संकलक म्हणून सेसिल देक्युजिस हे नाव आहे. दुसरा फ्रेंच दिग्दर्शक एरिक रोमेरच्या 'माय नाइट ॲट मॉड्स'मध्येही (१९६९) तेच. पहिल्यात चालू शॉटमधूनच तुकडे उडवलेत, दुसऱ्यात कट जाणवतही नाही. या एकच बाई का? आणि मधल्या काळात कुठे होत्या?

प्रतिसाद १
एकच. दिग्दर्शक त्रुफोचा 'ले मिस्तों' (१९५७) हा लघुपटही त्यांनीच संकलित केला. १९६० मध्ये फ्रान्सविरुद्ध अल्जीरियाच्या स्वातंत्र्यासाठी लढणाऱ्या एफएलएन या संघटनेला मदत केल्याबद्दल अटक झाली, पाच वर्षांची शिक्षा लागली, दोन वर्षं तुरुंगात गेली. त्रुफोच्या 'शूट द पियानो प्लेयर'वर म्हणूनच क्लोदीन बूशे यांचंही नाव दिसतं. रोमेरबरोबर मात्र 'फुल मून इन पॅरिस'पर्यंत (१९८४) काम केलं. जंप कटचं (चालू शॉटमधूनच तुकडा काढून मारलेल्या कटचं) सगळं श्रेय गोदारला देताना हे नाव गाळलं जातं, हा सरळ अन्याय आहे.

प्रतिसाद २
शैली बदलली त्यामागे आवाज आहे. 'ब्रेथलेस'चा कॅमेफ्लेक्स कॅमेरा खडखडायचा, त्यामुळे संवाद नंतर डब केले. चित्र कुठेही कापायला मोकळं! मोटारीतला प्रसंग आवाज बंद करून बघा: नायिका जीन सीबर्गची पाठमोरी मान तशीच, मागचा रस्ता मात्र दर कटला बदलतो. आता आवाज चालू करा. नायक बेलमोंदोचं बोलणं सलग चालू आहे, त्यानेच ते कट बांधून ठेवलेत.

करून पाहायचं असेल तर दोन-चार फ्रेम काढू नका, प्रिंट खराब झाल्यासारखं दिसतं. पार्श्वभूमी स्पष्ट बदलेल इतकं काढा. ३५ मिमीवर एक सेकंद म्हणजे २४ फ्रेम, साधारण ४५.६ सेंमी फिल्म.

प्रश्नकर्ता
आणि आवाज चित्रीकरणावेळचाच असेल तर?

प्रतिसाद २
तिथे रोमेरचा मार्ग. बोलणाऱ्याचा आवाज अखंड ठेवा आणि वाक्याच्या मध्येच ऐकणाऱ्याच्या चेहऱ्यावर जा. 'मॉड'मध्ये कॅमेरा ऐकणाऱ्यावर किती रेंगाळतो ते बघा.

प्रतिसाद ३
पुस्ती: वाक्यातला शब्द काढायचाच असेल तर पुढच्या 'प', 'त', 'क'च्या अगदी आधी कापा. ओठ किंवा जीभ बंद असताना क्षणभर शांतता असते, सांधा तिथे लपतो. श्वासाच्या मध्ये कापलंत की लगेच कळतं. आणि चित्रीकरणाच्या जागी कोणी बोलत नसताना मिनिटभर नुसता खोलीचा आवाज रेकॉर्ड करून ठेवा, नाहीतर प्रत्येक सांध्यावर भोक ऐकू येईल.