‘चरित्र अभिनेता’ म्हणजे नक्की कोण?

अलान एडवाल (१९२४–१९९७) या स्वीडिश नटावर लेख लिहितोय. इंग्रजीत त्यांना ‘कॅरॅक्टर ॲक्टर’ म्हणतात. मी ‘चरित्र अभिनेता’ लिहिलं, तर घरातून लगेच विचारणा झाली, "कुणाकुणाची चरित्रं केली यांनी?" दुसरा शब्द आहे का?

----

शंका रास्त आहे. हा शब्द हिंदीतून आला. तिकडे चरित्र म्हणजे पात्रसुद्धा. आपल्याकडे चरित्र म्हणजे जीवनकथा, आणि शील म्हणायचं तर चारित्र्य. शिवाय मराठीत ‘चरित्र भूमिका’ म्हटलं की नायकाचे वडील, काका, न्यायाधीश हेच डोळ्यांसमोर येतात. हिरोचं वय झालं की तो तिकडे वळतो. सरळ ‘सहायक अभिनेता’ लिहा.

----

>> सरळ ‘सहायक अभिनेता’ लिहा

नको हो! सहायक म्हणजे श्रेयनामावलीतली जागा. काम कोणत्या जातीचं, ते त्यातून कळत नाही. आणि वयाचं म्हणाल, तर स्वीडिश दिग्दर्शक बर्गमनच्या ‘विंटर लाइट’मधला (१९६३) चर्चचा सेवक फ्रोविक केला तेव्हा एडवालनी चाळिशीही गाठली नव्हती. पाठीतून वाकलेला, दुखण्याने पिचलेला माणूस. ख्रिस्ताला खिळ्यांपेक्षा एकटं पडण्याचं दुःख मोठं झालं असेल, हे तो पाद्रीबुवांना इतक्या साधेपणाने सांगतो की सगळा चित्रपट त्या दोनचार मिनिटांत येऊन थांबतो. ‘फॅनी अँड अलेक्झांडर’मध्ये (१९८२) ते मुलांचे वडील, नाटककंपनीचे मालक. हॅम्लेटच्या बापाच्या भुताची तालीम करताना कोसळतात, लवकरच जातात, आणि पुढे खरोखरच भूत होऊन घरात वावरतात. रशियन दिग्दर्शक तार्कोव्हस्कीच्या ‘द सॅक्रिफाइस’मधला (१९८६) विचित्र घटना गोळा करणारा पोस्टमनही तेच.

----

आणि स्वीडिश मुलांना विचारा! एमिल या खोडकर पोरावरच्या १९७१ ते ७३ मधल्या तिन्ही बालचित्रपटांत त्याच्या खोड्यांनी पिसाळून ओरडणारा बाप म्हणजे एडवालच. बर्गमनवाले हे नेहमी विसरतात.

----

>> सहायक म्हणजे श्रेयनामावलीतली जागा

पटलं. १९८६ला त्यांनी स्टॉकहोममध्ये ब्रुन्सगाटन ४ इथे स्वतःचं छोटं नाट्यगृह सुरू केलं, गाणी स्वतः लिहून गायली. अशा माणसाला कुणाचा सहायक म्हणणार?

‘स्वभावनट’ सुचवणार होतो, पण ते ‘स्वभावतःच नट’ असंही वाचलं जाईल. ‘व्यक्तिरेखाप्रधान अभिनेता’ सरकारी परिपत्रकात शोभेल.

----

मग असं करतो. मथळ्यात ‘चरित्र अभिनेता’च, कारण सिनेमाच्या पानावर तो रुळलाय. पहिल्या वाक्यात मात्र: ‘नायकाच्या चौकटीत न बसणारी, परस्परांशी काडीचं साम्य नसलेली माणसं उभी करणारे एडवाल’. लांब आहे, चालेल का?

----

‘काडीचं’ तेवढं काढा. बाकी चालेल.