लग्नाआधी थॅलेसेमियाचा दाखला सक्तीचा? माझा विरोध आहे

कृष्णाकाठ (सांगली): काल इथे एकाने लिहिलं, "थॅलेसेमिया-सिकलसेलचा दाखला नसेल तर लग्नाची नोंदणीच करू नका. पत्रिका बघता, मग रक्त का नाही?" त्यावर भराभर अंगठे पडले, म्हणून सविस्तर लिहितोय.

थॅलेसेमिया आणि सिकलसेल हे रक्ताचे आनुवंशिक आजार. सदोष जनुकाची एकच प्रत अंगात असलेला तो वाहक. वाहक म्हणजे आजारी नव्हे. दोघेही वाहक असतील तरच प्रत्येक गरोदरपणात मूल मेजर, म्हणजे तीव्र आजाराचं, निघण्याचा धोका २५ टक्के. पण स्थळ बघताना हे कोण ऐकणार? "मुलीच्या रक्तात दोष आहे" एवढंच गावभर होईल आणि मुलाचा रिपोर्ट कपाटात राहील. अमेरिकेत १९७०च्या सुमारास काही राज्यांनी सिकलसेल तपासणीची सक्ती केली. निरोगी वाहकांना नोकरीत आणि विम्यात त्रास झाला. १९७२च्या केंद्रीय कायद्याने ऐच्छिक तपासणीचा रस्ता धरला.

सज्जनगड: सायप्रस का सोडलंत? तिथल्या चर्चने १९८०च्या दशकात लग्नाआधी प्रमाणपत्र मागायला सुरुवात केली आणि मेजर मुलांचे जन्म जवळपास थांबले. बहुतेक जोडप्यांनी लग्नं मोडली नाहीत, गर्भाची तपासणी करून घेतली. मेजर मुलाला दर २ ते ४ आठवड्यांनी रक्त, साठलेलं लोह काढायला रोज औषध, आणि हे जन्मभर. त्या आईबापांना तुमचं स्वातंत्र्य कसं समजावणार?

रक्तपेशी (मिरज): दाखला द्यायचा कशावर, ते आधी बोला. सीबीसीत, म्हणजे रक्तपेशींच्या साध्या मोजणीत, एमसीव्ही (लाल पेशीचा आकार) ८०च्या किंवा एमसीएच (पेशीतलं हिमोग्लोबिन) २७च्या खाली आलं की एचपीएलसी, म्हणजे हिमोग्लोबिनचे प्रकार मोजणारी तपासणी, करतात. त्यात ए-टू प्रकारचं हिमोग्लोबिन ३.५ टक्क्यांच्या वर गेलं तर बहुधा बीटा थॅलेसेमियाचा वाहक. पण अंगात लोह कमी असेल तर ए-टू खाली येतं आणि वाहक नॉर्मल म्हणून सुटतो. अशा वेळी फेरिटिन (अंगातला लोहाचा साठा) बघायचं, लोह भरून काढायचं आणि काही महिन्यांनी पुन्हा तपासायचं. नुकतंच रक्त चढवलं असेल तरी रिपोर्ट फसतो. हळदीच्या आठ दिवस आधी धावत आलेल्यांचं यातलं काय होणार? शिक्का मारून कागद देतील, झालं.

माणदेशी: मुळावर कुणी बोलतच नाही. आपल्याकडे मामाची मुलगी करायची चाल आहे ती बंद करा. आते-मामे भावंडांत जनुकांचा आठवा हिस्सा सारखा असतो. जन्मजात दोषाचा धोका २-३ टक्क्यांवरून ४-६ वर जातो.

कृष्णाकाठ: म्हणजे शंभरातली ९४ तरी मुलं ठीक, हेही लिहा. सिंधी, लोहाणा समाजांत मामाची मुलगी करत नाहीत, तरी बीटा वाहकांचं प्रमाण जास्त आहे. कारण लग्नं समाजातच होतात. पोटजात सोडायला तयार आहात का?

माणदेशी: विषय जातीवर नेऊ नका! हिंदू विवाह कायद्याने १९५५ साली रूढीला मोकळीक ठेवली, म्हणून सीमाभागात सख्ख्या भाचीशीही लग्नं लागतात. तिथे सामाईक हिस्सा चौथा. त्याची वकिली करताय तुम्ही.

कृष्णाकाठ: वकिली कुठे केली ते दाखवा. बाईच्या माथी खापर फुटू नये, एवढंच म्हणतोय.

घाटमाथा (सातारा): भांडण पुरे. २०१७ला सांगली जिल्ह्यातल्या म्हैसाळला ओढ्याकाठी बेकायदा गर्भपातांतले १९ भ्रूण सापडले, त्याच जिल्ह्यात आपण गर्भतपासणी सोपी करायची म्हणतोय. तपासणीसाठी वारेचा (प्लासेंटाचा) तुकडा घेतला की त्यात लिंगही कळतं. कायद्याने ते सांगायचं नाही. बाईला समजेल अशा भाषेत लेखी संमती घ्यायची आणि तिला प्रत द्यायची.

वेळही तोकडी असते. वारेची तपासणी ११ ते १३ आठवड्यांत. आईबापांचे जनुकदोष आधी शोधलेले नसतील तर गर्भात काय शोधायचं तेच कळत नाही, आणि त्यात आठवडे जातात. म्हणून पहिल्याच तपासणीला बाईचं एचपीएलसी, ती वाहक निघाली तर नवऱ्याचं रक्त त्याच आठवड्यात. नवरे येत नाहीत, सगळं तिथेच अडतं.

सज्जनगड: ठीक, नोंदणीचा आग्रह सोडतो. पण गरोदरपणापर्यंत थांबणं पटत नाही. कॉलेजात पहिल्या वर्षाला तपासा.

रक्तपेशी: जमेल. नेस्ट्रॉफ्ट ही नळीतली प्राथमिक चाचणी स्वस्त आहे. ०.३६ टक्के सलाइन २ मिली, रक्त २० मायक्रोलिटर, अर्धा तास ठेवायचं. नळीमागे धरलेल्या कागदावरची काळी रेघ स्पष्ट दिसली नाही तर एचपीएलसी. मात्र लोहाच्या कमतरतेतही रेघ पुसट दिसते, तेव्हा त्यावरून कुणाला वाहक ठरवू नका.

कृष्णाकाठ: माझ्या अटी. १८ पूर्ण असलेल्यांनाच, लेखी संमतीने. नको म्हणणाऱ्याला कारण विचारायचं नाही. रिपोर्ट बंद पाकिटात ज्याचा त्याच्या हातात. वर्गशिक्षकाकडे यादी नाही, वडिलांच्या मोबाइलवर मेसेज नाही.

माणदेशी: करा. मामाच्या मुलीचा मुद्दा मी सोडलेला नाही.