माळीकाकांच्या कामपत्रकात कोणते शब्द लिहावेत?

सचिव: सर्वांना नमस्कार. बागेविषयी ग्रुपवर येणाऱ्या सूचना बहुधा ‘झाडे कापा’, ‘साफ करा’, ‘पाणी घाला’ एवढ्यातच संपतात आणि काम मनासारखे झाले नाही की पुन्हा इथेच तक्रार येते. माळीकाकांसाठी महिन्याचे कामपत्रक तयार करत आहे. त्यात नेमके काय लिहावे, हे जाणकारांनी कृपया सुचवावे.

उद्यान समिती: ‘कापा’ हा शब्द आधी काढावा, कारण त्यात निदान तीन कामे दडलेली आहेत. शेंडा खुडला की बाजूचे डोळे (फांदीवरच्या कोंब फुटण्याच्या जागा) फुटतात आणि शेवंतीसारखे झाड भरगच्च होते. विरळणीत दाटीतली फांदी किंवा रोप पूर्ण काढतात, जेणेकरून उरलेल्यांना ऊन-वारा मिळावा. छाटणीत फांदी ठरावीक डोळ्यापर्यंत आखूड करतात. गुलाबासाठी ‘बाहेरच्या बाजूच्या डोळ्याच्या साधारण अर्धा सेंटिमीटर वर तिरका काप’ इतके स्पष्ट लिहावे, म्हणजे नवी फांदी बाहेर वाढते आणि झुडपाचा मध्य मोकळा राहतो.

सदस्य, बी विंग: आमच्या बाजूच्या गुलाबाला हातभर लांब, जोमदार फांद्या आल्या आहेत, पण फूल एकही नाही. खत कमी पडत असेल का?

उद्यान समिती: खत देण्यापूर्वी बुंध्याजवळची माती हाताने बाजूला सारून पाहावी. डोळा भरून (एका झाडाचा डोळा दुसऱ्याच्या खोडात बसवून) केलेल्या कलमाच्या खोडावर सांध्याची गाठ दिसते. फांदी त्या गाठीच्या खालून निघाली असेल, तर तो खुंटाचा, म्हणजे खालच्या मूळ झाडाचा, फुटवा असून वरच्या कलमाच्या वाट्याचे अन्न तोच खात असतो. एका पानात सात पर्णिका (छोटी पाने) दिसल्या की तो खुंटाचा, असे बरेच जण ठामपणे सांगतात. पण ही खूण भरवशाची नाही, कारण कलमाच्या काही जातींनाही सात पर्णिका येतात. असा फुटवा वरवर कापला तर पुन्हा येतो, म्हणून तो निघाला तिथूनच ओढून काढावा.

ज्येष्ठ सदस्य: पाण्यापुढे ‘रोज’ लिहू नये, अशी माझी आग्रहाची विनंती आहे. मातीत बोट खुपसून ओल पाहावी आणि मगच झारी उचलावी. खुरपणी मात्र वाफशावरच, म्हणजे माती ओलसर पण चिकट नसतानाच, व्हावी. चिखलात खुरपे चालवले तर माती दाबली जाऊन पुढे ढेकळे होतात. मोठ्या झाडांची आळी (पाण्यासाठी केलेले गोल खळगे) खोडाला चिकटून केली जातात, तेही बदलावे. पाणी शोषणारी बारीक मुळे दूरवर पसरलेली असतात, त्यामुळे खोडाशी मातीची भर देऊन आळे फांद्यांच्या घेरापर्यंत रुंद करावे.

सचिव: आभार. आणि ‘साफ करा’?

उद्यान समिती: त्याऐवजी ‘पालापाचोळा आळ्यात पसरावा’ असे लिहा. आच्छादनाने ओल टिकते आणि तण कमी उगवते. बुंध्याभोवती चार बोटे जागा मोकळी ठेवावी. भुरी (पांढरी बुरशी) किंवा काळे ठिपके पडलेली पाने मात्र वेगळी काढून कचऱ्यात द्यावीत.

सचिव: ठीक. मसुदा आज रात्री टाकतो.